श्टाझीच्या फायली: वाचायच्या की नाही हे ज्याचं त्याने ठरवायचं

परवा मावसभावाने फोनवर विचारलं, "अगं बर्लिनची भिंत पडून पस्तीस वर्षं होऊन गेली, तुमच्याकडचे लोक अजून त्या जुन्या फायली कशाला उकरत बसलेत, सोडून द्यायचं ना आता." फोनवर काही नीट सांगता आलं नाही, म्हणून इथे सविस्तर लिहितेय. मी लाइपझिगला राहते, म्हणजे आधीच्या पूर्व जर्मनीत, आणि इथे आल्यापासून हा विषय डोक्यातून जातच नाहीये.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. श्टाझी म्हणजे पूर्व जर्मनीचं गुप्त पोलिस खातं, स्थापना फेब्रुवारी १९५०. १९५७ पासून थेट १९८९ पर्यंत एकच मंत्री, एरिश मील्के. खातं स्वतःला सत्तेवरच्या कम्युनिस्ट पक्षाची ढाल आणि तलवार म्हणवून घ्यायचं, देशाची नाही, पक्षाची, हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. लोकसंख्या जेमतेम १ कोटी ६० लाख आणि शेवटी शेवटी पगारी माणसं ९१,०००, शिवाय पावणेदोन लाखांच्या घरात खबरे. पगारी लोकांचं एक वेळ ठीक आहे, ते कोण आहेत हे निदान आजूबाजूला थोडंफार माहीत असायचं. पण खबरे म्हणजे शेजारी, ऑफिसातला मित्र, चर्चमधला माणूस, खेळाचा कोच, डॉक्टर, वकील, कवी, कुणीही. प्रत्येकाला टोपणनाव आणि प्रत्येकाच्या डोक्यावर एक अधिकारी, जो त्याला अधूनमधून एखाद्या फ्लॅटवर भेटून काय ऐकलंस काय पाहिलंस ते लिहून घ्यायचा.

आमच्या लाइपझिगला श्टाझीचं जिल्ह्याचं ऑफिस होतं ती इमारत अगदी गावात रिंगरोडला आहे, कोपरा गोल आहे म्हणून लोक तिला गोल कोपराच म्हणतात. तिथे ऑगस्ट १९९० पासून प्रदर्शन आहे, इथल्या नागरिकांच्या समितीनेच उभं केलेलं. पाहुणे आले की मी त्यांना नेतेच. पत्रं वाफेवर उघडायची आणि परत चिकटवायची यंत्रं आहेत, खोटे शिक्के, मिशा, विग. काचेच्या बरण्यांबद्दलही तिथे कळतं, संशयिताच्या अंगाचा वास पिवळ्या फडक्यात धरून बरणीत बंद करून ठेवायचे, कुत्र्याला हुंगवायला. पाहुणे बरण्यांपाशीच थांबतात आणि हसतात. मला मात्र बरण्यांपेक्षा कार्डांची भीती वाटते.

ती कार्डांची पद्धत समजून घ्या, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. एका कपाटात एफ १६ नावाची कार्डं, त्यावर माणसाचं खरं नाव, जन्मतारीख, पत्ता आणि एक नोंदणी क्रमांक. हा माणूस खबऱ्या आहे की त्याच्यावरच पाळत आहे, ते त्या कार्डावर लिहिलेलंच नसायचं. दुसरीकडे एफ २२ची कार्डं, त्यावर तोच क्रमांक आणि टोपणनाव, कुठल्या खात्याची केस ते, पण खरं नाव नाही. दोन्ही कार्डं शेजारी ठेवली तरच टोपणनावामागचा माणूस कळणार. म्हणजे आत काम करणाऱ्या बाईलाही सहज म्हणून काही कळू नये अशी व्यवस्था. नावं तर उच्चाराप्रमाणे लावलेली, स्पेलिंग कसंही असो, माणूस सुटायला नको. आणि ज्या खात्याने हे सगळं लपवायला बनवलं त्याच कार्डांवरून १९९२ नंतर लोकांना आपला खबऱ्या कोण होता ते काढून देण्यात आलं, तोच क्रमांक, तीच दोन कार्डं.

बरं, पाळत म्हणजे नुसतं ऐकून लिहून घेणं नव्हतं. जानेवारी १९७६ मध्ये मील्केने एक लेखी सूचना काढली, क्रमांक १/७६. विरोधकाला तुरुंगात टाकलं की बाहेर बोभाटा होतो, पश्चिमेचे पेपर छापतात, त्यापेक्षा त्याला आतून पोखरायचं, हे त्यात व्यवस्थित लिहिलंय. त्याची बदनामी होईल असं बघायचं, खऱ्यात थोडं खोटं मिसळून पसरवायचं, नोकरीत एकामागून एक अपयश येईल अशी तजवीज करायची, मित्रामित्रांमध्ये संशय पेरायचा. बायकोला निनावी पत्र, नवऱ्याचं बाहेर काहीतरी आहे म्हणून. एखाद्याबद्दल कुजबुज सोडायची की हाच खबऱ्या आहे. त्या माणसाला वाटायचं आपलंच नशीब फुटकं, आपलंच काहीतरी चुकतंय, आपल्याला लोकांशी जुळवून घेता येत नाही. अशी दहा दहा वर्षं काढली लोकांनी. मला विचाराल तर फायली उघडायलाच हव्या होत्या याचं सगळ्यात मोठं कारण हे आहे. ज्याचं आयुष्य कुणीतरी ऑफिसात बसून ठरवून बिघडवलं त्याला ते ठरवून बिघडवलं होतं एवढं तरी कळायला नको का?

आता या फायली नष्ट होण्यापासून वाचल्या कशा, तर सरकारने नाही वाचवल्या. भिंत पडली ९ नोव्हेंबर १९८९ला. आणि श्टाझीने लगेच कागद संपवायला घेतले. एरफुर्टला काही बायकांना कळलं की आत कागद जाळताहेत, त्यांनी ४ डिसेंबरला सकाळी लोक गोळा केले आणि सरळ जिल्हा ऑफिसात घुसल्या. त्या वेळी आतल्या लोकांकडे शस्त्रं होती, गोळीबार झाला असता तर काय, कुणाला माहीत होतं. त्याच संध्याकाळी लाइपझिगला दर सोमवारी निघणाऱ्या मोर्चातून लोक गोल कोपऱ्यात शिरले. बर्लिनचं मुख्यालय, नॉर्मानेनश्ट्रासचं, ते १५ जानेवारी १९९०ला लोकांच्या ताब्यात आलं. नंतर १९९० च्या सप्टेंबरात आणखी एक प्रसंग झाला, दोन्ही जर्मनींच्या एकत्रीकरणाच्या करारात फायली पश्चिमेच्या अभिलेखागारात नेऊन कुलूपबंद होतील अशी चिन्हं दिसायला लागली तेव्हा बेर्बेल बोले, वोल्फ बिअरमान वगैरे राजवटीच्या विरोधातली मंडळी परत त्याच मुख्यालयात जाऊन बसली आणि उपोषणाला बसली. त्या दबावाखाली करारात कलम जोडलं गेलं. हा भाग बाहेरच्या लोकांना माहीतच नसतो, त्यांना वाटतं एकत्र झाल्यावर पश्चिम जर्मनीने मोठ्या मनाने सगळं उघडलं. अजिबात नाही. पश्चिमेतले बरेच मोठे नेते, त्यात गृहमंत्री शॉइब्ले, चॅन्सेलर कोल, यांना त्या फायली नकोच होत्या, शॉइब्लेंचं तर मत होतं की उघडूच नयेत.

त्यांची भीती काय होती, तर रक्तपात होईल. शेजारी शेजाऱ्याला मारेल, लोक सूड घेत सुटतील. आमचे अनेक भारतीय मित्र अजूनही हेच म्हणतात, की असं काही आपल्याकडे उघडलं तर दंगली होतील. पण इथे झालं काय? नोव्हेंबर १९९१ मध्ये कायदा पास झाला, २ जानेवारी १९९२ पासून लोक आपापली फाईल वाचायला बसले, आजवर ३० लाखांहून जास्त अर्ज आले फक्त स्वतःची फाईल बघायला. सूडाच्या खुनांची लाट वगैरे काहीही आली नाही. घटस्फोट झाले, मैत्र्या तुटल्या, काही लोक गाव सोडून गेले, काही खबऱ्यांनी जीव दिले हेही खरंय आणि ते लपवायचं कारण नाही. पण जमावाने कुणाला घराबाहेर ओढून मारलं असं काही झालं नाही. लोकांना आपल्याच माहितीसाठी नालायक ठरवणारे जे होते ते साफ खोटे पडले, आणि मला यात खूप बळ मिळतं.

कायदा कसा आहे तेही सांगते कारण त्यात विचार आहे. तुमच्यावर पाळत होती तर तुमची फाईल तुम्ही बघू शकता, प्रती घेऊ शकता, आणि खबऱ्याचं खरं नाव मागू शकता. अधिकारी आणि खबरे यांच्या नावाला संरक्षण नाही. पण त्याच पानावर तुमच्या मैत्रिणीच्या आजारपणाचं काही लिहिलं असेल तर ते काळं करून देतात, कारण तीही बळीच. अठरा वर्षांच्या आतल्या पोरांना गळाला लावलं असेल तर ते त्यांच्यावर धरायचं नाही. या फायली सांभाळायला जे खातं निघालं त्याचा पहिला प्रमुख योआखिम गाउक, रोस्टॉकचा पाद्री, जो पुढे देशाचा राष्ट्राध्यक्ष झाला.

वेरा लेंग्सफेल्डची गोष्ट इथे सगळ्यांना माहीत असते. शांतता चळवळीतली बाई, जानेवारी १९८८ मध्ये मोर्चावरून अटक, मग देशाबाहेर इंग्लंडला पाठवलं. भिंत पडली त्याच दिवशी परत आली, पुढे खासदार झाली. आणि फायली उघडल्या तेव्हा कळलं की तिच्याबद्दल लिहून देणारा "डोनाल्ड" म्हणजे तिचा नवरा, तिच्या मुलांचा बाप. घरात जेवताना बोललेल्या गोष्टी त्यात. तिने घटस्फोट घेतला, सगळ्या देशासमोर. पुढे बऱ्याच वर्षांनी त्याने पत्र लिहून माफी मागितली आणि तिने माफ केलं. माझ्यासाठी महत्त्वाचं काय, तर माफ करायचं की नाही हे ठरवायला आधी तिला कळावं लागलं. "सोडून द्या आता" असं परस्पर दुसऱ्याने म्हणणं म्हणजे तिच्या वतीने माफी वाटून टाकणं, तो हक्क ना कोलला होता ना आपल्याला आहे.

आणि याची दुसरी बाजूही मी जवळून बघितलीय. आमच्या खालच्या मजल्यावर एक आजी राहतात, सत्तरी कधीच ओलांडलेल्या, नवऱ्याने १९९० च्या दशकात स्वतःची फाईल मागवून वाचली होती, आजींनी मात्र अर्ज केलाच नाही. मी एकदा धीर करून विचारलं, का नाही. म्हणाल्या, "आमचं कुटुंब मोठं, नाताळला सगळे इथेच येतात. माझ्या फाईलमध्ये त्यातलं कुणी निघालं तर मी केक कुणाच्या ताटात वाढू आणि कुणाच्या नको? मला नाही जाणून घ्यायचं." आणि मग लगेच म्हणाल्या, "पण फाईल जाळायला निघाले असते तर मीही त्या दिवशी गेटवर उभी राहिले असते." अर्ज न करण्याला भित्रेपणा म्हणणारे लोक इथे आहेत, मला ते पटत नाही. फाईल आहे, अर्ज केला तर मिळते, आणि तरी मी तो करत नाही, हा निर्णय त्यांचा. फाईल जाळली असती तर निर्णय घ्यायलाच काही उरलं नसतं.

आता जे मला खटकतं ते. या सगळ्या प्रकरणात लोकांचा राग, पेपरवाल्यांच्या हेडलायनी, नोकरीवरून काढणं, सगळं प्रामुख्याने खबऱ्यांवर येऊन पडलं. १९९० च्या मार्चमध्ये निवडणुकीच्या तोंडावर वकील वोल्फगांग श्नूर उघडा पडला, जो विरोधकांच्याच केसेस लढायचा आणि त्यांच्याबद्दल लिहून द्यायचा. पाठोपाठ इब्राहिम ब्योमे, सोशल डेमोक्रॅट लोकांचा पूर्वेतला नेता. हे बाहेर यायलाच हवं होतं, पुढारी व्हायला निघालेल्यांचं तर नक्कीच. पण नंतर वर्षानुवर्षं दर आठवड्याला नवं नाव, कुणी धमकीखाली सही केलेला शाळामास्तर आणि कुणी हौसेने तीस वर्षं चहाड्या करणारा, दोघंही एकाच मापाने मोजले गेले, सुक्याबरोबर ओलंही जळलं. आणि ज्या अधिकाऱ्यांनी या लोकांना गळाला लावलं, त्यांच्याकडून लिहून घेतलं, त्यावरून योजना आखल्या, ते? पक्षाचे जे पुढारी हे सगळे आदेश देत होते ते? चोर सोडून संन्याशाला सुळी असं मी म्हणणार नाही कारण खबऱ्या काही संन्यासी नव्हता, पण चोरांच्या टोळीतला शेवटचा माणूस चौकात उभा आणि नाईक घरी, हे तर झालंच.

कोर्टाची अडचण खरी होती. एकत्रीकरणाच्या करारात ठरलं होतं की ते कृत्य त्या वेळच्या पूर्व जर्मनीच्या कायद्यानेही गुन्हा असलं पाहिजे, मागाहून नवा कायदा लावून शिक्षा नाही. तत्त्व म्हणून मला ते मान्य आहे. पण परिणाम असा की श्टाझीच्या कामासाठी प्रत्यक्ष तुरुंगात गेलेले अधिकारी अगदी बोटावर मोजण्याइतके. खुद्द मील्केला १९९३ मध्ये शिक्षा झाली ती कशासाठी, तर १९३१ साली बर्लिनमध्ये दोन पोलिसांच्या खुनासाठी! बत्तीस वर्षं ज्या खात्याचा मंत्री होता त्याबद्दल काहीच नाही. १९९५ मध्ये सुटला, २००० मध्ये गेला. आणि १९९९ मध्ये घटनात्मक कोर्टाने सांगितलं की श्टाझीच्या नोकरांची पेन्शन सरासरी पगाराच्या हिशोबापेक्षा खाली कापता येणार नाही. इकडे ज्याला विद्यापीठातून काढलं, ज्याला आयुष्यभर हलक्या नोकऱ्या कराव्या लागल्या, त्याची पेन्शन त्या हलक्या पगारावर. बर्लिनमधल्या होहेनशोनहाउझेनच्या श्टाझीच्या तुरुंगात जे कैदी होते ते आज तिथे गाईड म्हणून लोकांना कोठड्या दाखवतात, आणि त्यांची चौकशी करणारे अधिकारी त्याच भागात म्हातारे झाले, दुकानात समोरासमोर यायचे. बेर्बेल बोलेचं वाक्य म्हणून इथे सगळे सांगतात, आम्हाला न्याय हवा होता आणि मिळालं कायद्याचं राज्य. त्यातला कडवटपणा मला आधी समजायचा नाही, आता समजतो.

त्यात भर म्हणजे फायली सांभाळणाऱ्या खात्यातच श्टाझीचे जुने लोक नोकरीला ठेवलेले, का तर कार्डांची पद्धत त्यांनाच कळते. युर्गन फुक्स नावाचा लेखक, जो स्वतः होहेनशोनहाउझेनमध्ये होता, तो यावरून १९९७ मध्ये तिथलं काम सोडून गेला. २०११ मध्ये रोलांड यान प्रमुख झाला, त्याला १९८३ मध्ये जबरदस्तीने ट्रेनमध्ये कोंबून देशाबाहेर हाकललं होतं, त्याने पहिल्याच भाषणात सांगितलं की ही बळींच्या थोबाडीत मारल्यासारखी गोष्ट आहे. मग कायदा बदलून त्यांच्या बदल्या केल्या. वीस वर्षं लागली एवढ्या साध्या गोष्टीला. म्हणजे विचार करा, तुम्ही आपली फाईल मागायला जाता आणि त्या ऑफिसच्या दारावर उभा असलेला माणूस त्याच खात्यातून आलेला.

आणि पश्चिमेबद्दल इथले लोक जे पुटपुटतात त्यातही तथ्य आहे. पूर्वेतल्या पुढाऱ्यांच्या फायली दहा वर्षं पत्रकारांना मिळत होत्या, तेव्हा कुणाला काही वाटलं नाही. कोलचे फोन श्टाझीने ऐकले होते, ते कागद बाहेर यायची वेळ आली तेव्हा ते कोर्टात गेले आणि २००२ मध्ये जिंकले. तत्त्वाने बघितलं तर ते म्हणत होते ते चुकीचं नाही, चोरून ऐकलेलं बोलणं छापू नये, पण मग हे तत्त्व आधी का नाही आठवलं, असं पूर्वेतला माणूस विचारणारच. शिवाय श्टाझीचं परदेशी हेरखातं १९९० मध्ये स्वतःच स्वतःला बरखास्त करायला मोकळं सोडलं होतं आणि त्यांनी जवळपास सगळं नष्ट केलं, त्यामुळे पश्चिमेतले खबरे कोण याचा पुरावा खूप कमी उरला. तरी अधूनमधून निघतंच. २००९ मध्ये कळलं की १९६७ साली पश्चिम बर्लिनमध्ये बेनो ओनेझोर्ग या विद्यार्थ्याला गोळी घालणारा पोलिस कुरास हा श्टाझीचा माणूस होता. ज्या गोळीने पश्चिमेतली अख्खी विद्यार्थी चळवळ पेटली ती गोळी! त्याला कुणी आदेश दिल्याचा पुरावा सापडला नाही, पण चाळीस वर्षं हे कुणाला माहीतही नव्हतं.

म्हणून मावसभावाच्या "अजून" या प्रश्नाला माझं उत्तर, की काम अजून संपलेलंच नाहीये. १११ किलोमीटर लांब कागद आहेत, एकापुढे एक उभे केले तर. ते सोडून वेगळी सुमारे १६,००० पोती होती फाडलेल्या कागदांची. १९८९ च्या शेवटी यंत्रं पुरेनात म्हणून अधिकाऱ्यांनी हाताने फाडले, नंतर लगदा करू म्हणून पोत्यात भरले, आणि तेवढ्यात लोक आत आले. १९९५ पासून न्यूरेंबर्गजवळ त्सिर्नडोर्फला माणसं टेबलाला बसून ते तुकडे जुळवत होती, कागदाचा रंग, अक्षर, फाटलेली कड बघून, मग चिकटपट्टी. अशी ५०० च्या वर पोती झाली, १७ लाखांच्या आसपास पानं. त्यातून खेळाडूंना दिलेल्या डोपिंगचं, लेखकांमध्ये पेरलेल्या खबऱ्यांचं बरंच बाहेर आलं. २००७ पासून बर्लिनच्या फ्राउनहोफर संस्थेने कॉम्प्युटरवर जुळवायचा प्रयत्न केला, सॉफ्टवेअर चाललं पण प्रत्येक चिटोरा आधी हातानेच सपाट करून स्कॅनरवर ठेवायला लागायचा, २३ पोत्यांवर ते थांबलं. जून २०२१ पासून सगळं देशाच्या मुख्य अभिलेखागारात गेलंय. अर्ज अजून येतातच. आता तर मुलं आईवडिलांची फाईल मागतात, मृत नातेवाइकाची बघायची कायद्यात सोय आहे.

पण पोती बहुतेक तशीच पडून आहेत आणि याचा मला राग येतो. फाडले कोणते कागद? घाईघाईत जे टेबलावर होते ते, म्हणजे शेवटच्या वर्षांतले, ज्यांचे अधिकारी आणि ज्यांच्यावर पाळत होती ती माणसं अजून हयात आहेत असे. १९८५ साली तिशीत असलेला माणूस आज सत्तरीत आहे, अजून दहा-पंधरा वर्षांनी जुळवून उपयोग फक्त इतिहासाच्या प्रोफेसरांना. कॉम्प्युटर तयार व्हायची वाट बघत बसण्यापेक्षा त्सिर्नडोर्फसारखी माणसं परत टेबलाला बसवा, आणि आधी जिल्ह्यांची पोती घ्या, लाइपझिगची, एरफुर्टची, गेराची, जिथे साधी माणसं होती आणि ज्यांच्यावर कुणी पुस्तक लिहिणार नाही.